लाल पिशवीतला सदरा

ब्लिआ खांगने इस्पितळात फरशी पुसायची नोकरी धरली ती सूड उगवायला. घरी तिने सांगितलं होतं की बसून बसून कंबर धरते, म्हणून जाते. नवऱ्याला, सायला, ते पटलं नव्हतं, पण त्याने विचारलंही नाही. सासूला मात्र पहिल्याच दिवशी कळलं. म्हातारी चिकट भाताचा डबा तिच्या हातात देत म्हणाली, "जातेस तर जा. पण चाकू घरी ठेव."

"चाकू कुठे नेतेय मी, आई?"

"तोंडातला म्हणतेय मी."

इस्पितळाचं नाव कशाला घ्या? कॅलिफोर्नियातलं ते द्राक्षांचं खोरं, तिथल्या गावात गरिबांसाठी एकच मोठं इस्पितळ होतं. निर्वासितांच्या छावणीतून विमानात बसवून आणलेली आमची हमोंग माणसं आजारी पडली की तिथेच जायची. ब्लिआचा फेंग तिथेच जन्मला. आणि तिचं जे गेलं तेही तिथेच गेलं.

बाळामागून पडणाऱ्या वारेला आमच्यात वार म्हणत नाहीत, बाळाचा सदरा म्हणतात. माणसाच्या अंगावरचा पहिला कपडा तो. मुलगा झाला तर सदरा घराच्या मधल्या खांबाशी पुरायचा, मुलगी झाली तर आईबापाच्या पलंगाखाली. पुढे कधीतरी माणूस मरतो. मग त्याचा जीव जिथे जिथे राहिला ती घरं एकेक करून मागे टाकत जन्माच्या ठिकाणी येतो, सदरा उकरून काढतो, अंगात घालतो आणि मगच पूर्वजांकडे जातो. सदरा नसला तर तिकडे त्याला कोणी ओळखत नाही. उघडंनागडं पोर दारात येऊन उभं राहिलं तर कोण त्याला आपलं म्हणेल?

म्हणून फेंग जन्मला त्या दिवशी साय बायकोच्या खाटेशी पत्र्याचा डबा घेऊन उभा होता. डुकराच्या चरबीचा डबा, तीन वेळा राखेने घासलेला. हा साय लाओसच्या डोंगरात सव्वीस माणसांचा म्होरक्या होता. त्याने हात वर केला की सव्वीस बंदुका थांबायच्या. इथे त्याला इंग्रजीचे पाच शब्द येत होते आणि त्यातला एकही उपयोगाचा नव्हता. त्याने डबा दोन्ही हातांत धरून पुढे केला, पसरट भांड्यातल्या सदऱ्याकडे बोट दाखवलं, मग बाळाकडे, मग जमिनीकडे. डॉक्टर प्रेस्कॉटने रिकाम्या डब्यात डोकावून पाहिलं. मग तो हसला, नर्सकडे वळून काहीतरी बोलला आणि नर्सने हसू दाबायला तोंडावर हात धरला. तो काय बोलला ते बाजूच्या खाटेवरच्या बाईच्या नवऱ्याने नंतर सांगितलं. ही माणसं शिजवून खातात वाटतं, असं म्हणाला होता.

सदरा लाल पिशवीत गेला, पिशवीला गाठ बसली आणि पिशवी दाराबाहेर गेली. साय डबा धरून तसाच उभा होता. ब्लिआचे पाय अजून पट्ट्यांत अडकवलेले होते. तिने सगळं पाहिलं, आणि नवऱ्याच्या कानांच्या पाळ्या लाल झालेल्याही पाहिल्या. त्या दिवसानंतर सायने परक्या माणसाकडे कधी काही मागितलं नाही, दुकानात मीठसुद्धा नाही.

फेंग दीड वर्षाचा झाला आणि त्याला ताप आला. त्यांनी इस्पितळही केलं आणि भगतही केला. इस्पितळाने सुया दिल्या. भगताने बाकावर बसून, तोंडावर काळा कपडा ओढून दुपारभर शोध घेतला आणि खाली उतरून म्हणाला, "पोर सदरा शोधायला बाहेर पडलंय. हाक मारतोय, पण ते मागे बघत नाही." दुसऱ्या दिवशी फेंग गेला.

मर्तिकाला वाट दाखवणारा म्हातारा आला, न्हिआ पाओ. मेलेल्याच्या जिवाला गाण्यातून रस्ता सांगायचा, हे त्याचं काम. त्याने फेंगला घरातून उठवलं, गल्लीतून नेलं, द्राक्षांच्या मळ्यांकडेने इस्पितळापर्यंत आणलं. "आता तू जन्मलास तिथे आलास बाळा, आता तुझा सदरा," असं म्हणून तो थांबला. आयुष्यभरात त्या ओळीवर तो कधी थांबला नव्हता. त्याने सायकडे पाहिलं आणि हळूच विचारलं, "कुठे पाठवू याला?"

सायने मान खाली घातली.

"धुराड्यात," ब्लिआ म्हणाली. सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली. "इस्पितळामागे भट्टी आहे. लाल पिशव्या तिथे जाळतात. तिथे पाठवा."

म्हाताऱ्याने तसं गायलं. आता धुराड्यावर चढ बाळा, राख चाळ, तुझा सदरा शोध. तो गाताना रडत होता. ब्लिआ रडली नाही. डॉक्टर प्रेस्कॉटही एक दिवस असाच रिकामा डबा दोन्ही हातांत धरून आपल्यापुढे उभा राहील, आणि तेव्हा आपण हसू, असं तिने तिथेच ठरवलं. तिला दुसरं काही नको होतं.

*

लाल पिशव्या भट्टीकडे ढकलत न्यायचं काम कोणालाच नको असतं, त्यामुळे ते तिला मागताक्षणी मिळालं. बाळंतिणींचा वॉर्ड तिच्याकडे आला. पहिल्या महिन्यात तिने पाहिलं की गोऱ्या बायकांचे सदरेही त्याच पिशव्यांत जातात. तिला नवल वाटलं, पण तिने त्याचा उलगडा करून टाकला. इथे येणारे हे गरीब गोरे. श्रीमंतांचं इस्पितळ गावाच्या वरच्या टोकाला होतं, ते आपले सदरे जपत असणार. कुत्र्याच्या सात पिढ्यांचे कागद सांभाळणारी ही माणसं, पोटच्या पोराचा सदरा फेकतील होय? डॉक्टर हसला तो सगळं जाणून हसला होता, याबद्दल तिच्या मनात तीळभर शंका नव्हती.

तोवर तिने हात मात्र रिकामे ठेवले नाहीत. आमच्यापैकी कोणी बाळंत झालं की गाठ मारलेली पिशवी भट्टीकडे जाताना वाटेत हलकी व्हायची. पोछ्याच्या बादलीत खाली चरबीचा डबा, वर ओली फडकी. संध्याकाळी घरी येणाऱ्या बाळाच्या आजोबांच्या हातात डबा देताना ती बजावायची, "गुळगुळीत बाजू वर ठेवून पुरा हं. पालथा पडला तर पोर दूध ओकतं."

"आम्हाला शिकवतेस?" आजोबा म्हणायचे.

"शिकवत नाही. आठवण करते. इकडे येऊन सगळेच सगळं विसरायला लागलेत."

तिच्याबरोबर लुपे नावाची मेक्सिकन बाई काम करायची. तोंडाची फटकळ आणि मनाची मोकळी. तिला वास यायचा.

"ब्लिआ, तुझ्या बादलीत काय गं?"

"फडकी."

"तुझी फडकी खाटकाकडून येतात का?"

"तुझ्या नाकाला सुट्टी दे, लुपे."

"देते. पण बादली झाकून ने. वॉर्डच्या मोठ्या बाईला नाकं दोन आहेत."

डॉक्टर प्रेस्कॉट रोज दिसायचा. ओल्या फरशीवरून टाचा उचलत जायचा आणि तिच्या डोक्यावरच्या भिंतीला "गुड मॉर्निंग" म्हणायचा. ती त्याच्या पाठीकडे बघत राहायची. रागाने बघायलाही सराव लागतो, आणि तिने तीन वर्षं केला. त्याचा एकेक मोजाही तिला पाठ झाला होता. त्याला मूल नव्हतं. बायकोचा गर्भ तीन वेळा पडला, असं लुपेने कुठून तरी आणलं होतं. ब्लिआने तेव्हा पोछा घट्ट पिळला. वाईट वाटलं असेल असं समजू नका. तिला भीती वाटली, की ह्याला मूलच झालं नाही तर?

*

मूल झालं. ऑक्टोबरात, दिवसाउजेडी, तीन आठवडे आधी.

डॉक्टरची बायको आयरीन त्याला जेवायला बोलवायला आली होती. इस्पितळाच्या जिन्यातच तिचं पाणी गेलं. गावाच्या वरच्या टोकाच्या इस्पितळापर्यंत न्यायला वेळच नव्हता. दुसऱ्या डॉक्टरने तिचं पोट कापून मुलगी काढली. प्रेस्कॉट बाहेर बाकावर बसून नखं कुरतडत होता, आणि ब्लिआ त्याच्या पायांभोवतीची फरशी पुसत होती. "पाय उचला," ती म्हणाली. त्याने निमूट उचलले.

अर्ध्या तासाने लाल पिशवी बाहेर आली. ब्लिआने ती उचलली. एवढा शहाणा डॉक्टर, आणि घाईघाईत मुलीचा सदरा मागायचा विसरला! विसरू दे. आठवेल. आठवला की धावत येईल.

त्या दिवशी तिने मुद्दाम घरचा तो डबा आणलेला नव्हता, पण योग बघा, बादलीत तोच निघाला. सायचा. मागच्या आठवड्यात दुसरा गंजला म्हणून तिने तो घेतला होता. फेंगसाठी घासलेल्या डब्यात डॉक्टरच्या मुलीचा सदरा बसला.

घरी येऊन तिने डबा फ्रीजच्या वरच्या कप्प्यात डुकराच्या मांसाशेजारी ठेवला. म्हातारीने झाकण उघडून बघितलं.

"हा कोणाचा?"

"प्रेस्कॉटच्या मुलीचा."

म्हातारीने फ्रीजचं दार असं लावलं की आतल्या बाटल्या वाजल्या. "तुझं डोकं फिरलंय. दुसऱ्याच्या पोरीचा सदरा माझ्या भाजीशेजारी!"

"त्याने माझ्या पोराचा जाळला."

"बापाने जाळला. पोरीने काय केलं? तिला अजून नावसुद्धा नाही. आज पहिला दिवस." आमच्यात तिसऱ्या दिवशी जीव बोलावून, मनगटाला दोरा बांधून नाव ठेवतात. तोवर पोर अर्धं तिकडचंच असतं. "काय करणार आहेस त्याचं?"

"तो मागायला येईल. हात जोडून येईल. मग मी त्याला सांगणार आहे, आम्ही शिजवून खाल्ला."

साय दारात उभा होता. त्याने ऐकलं. पाणी प्यायला आला होता तो तसाच परत गेला.

"आणि त्याने वरिष्ठांना सांगितलं तर?" म्हातारी म्हणाली. "आपल्या थावांच्या सुनेचे दिवस भरलेत. पुढच्या आठवड्यात ती अडली की कोण आणणार तिच्या पोराचा सदरा? मी जाऊ भट्टीत हात घालायला?"

गुपचूप घेतलेल्या सुडाची चव डॉक्टरला लागणार नव्हती, आणि त्याला सांगायचं तर बादली उघडी पडणार होती. थावांची सून तिला रोज बाजारात भेटायची, पोटावर हात ठेवून "मावशी, तुम्ही आहात ना?" म्हणायची. पण तीन वर्षं पोटात धरलेली आग अशी कोणाच्या सुनेसाठी विझवता येत नाही. ब्लिआने स्वयंपाक केला नाही. म्हातारीनेही केला नाही, कारण तिने फ्रीज उघडायचं नाकारलं होतं. घरात सगळ्यांनी मीठ-मिरचीशी कोरडा भात खाल्ला.

दुसऱ्या दिवशी ब्लिआ वॉर्डात कान टवकारून फिरली. आता आरडाओरडा होईल, कपाटं उघडतील, पिशव्या सोडतील. काहीच झालं नाही. प्रेस्कॉट सगळ्यांना सिगार वाटत होता. लुपेलाही दिला.

"काही हरवलंय का त्याचं?" ब्लिआने विचारलं.

"अक्कल," लुपे म्हणाली. "काल मला पोरीचा फोटो दोनदा दाखवला."

"शोधत काही नाही?"

"काय शोधेल? पोरगी मिळाली ना त्याला."

तिसऱ्या दिवशी सकाळी ब्लिआला धीर धरवेना. आज संध्याकाळपर्यंत पोरीचं नाव पडेल, ती पुरी इकडची होईल. ती पोछा आणि बादली घेऊन आयरीनच्या खोलीत शिरली आणि दार लावून घेतलं.

*

आयरीन उशांना टेकून बसली होती. चाळिशीला आलेली, फिकट, केस न विंचरलेली बाई. मुलगी तिच्या छातीशी होती. प्रेस्कॉट खिडकीत उभा राहून कॉफी पीत होता.

ब्लिआने पोछा भिंतीला लावला. तीन वर्षं पाठ केलेलं वाक्य तिने इंग्रजीत मांडलं. इंग्रजी तिचं पांगळं होतं, पण चालत होतं.

"डॉक्टर. तुझ्या मुलीचा सदरा माझ्याकडे."

"काय? सदरा?" त्याने इकडेतिकडे बघितलं. "बाळाचे कपडे ना? ते नर्सकडे दे."

"कपडे नाही. पोटातला. बाळामागून येतो तो. लाल पिशवीतला. मी घेतला."

प्रेस्कॉटच्या कपाळावर आठी पडली, मग ती हळूहळू मोकळी झाली. "ओह! वार म्हणतेस होय?"

"हो." ब्लिआ पुढे सरकली. आता. आता तो कप खाली ठेवेल. "आम्ही शिजवला. आम्ही खाल्ला."

डॉक्टर प्रेस्कॉट हसला. त्यात दुष्टपणा नावाला नव्हता. सकाळी मुलीचं तोंड बघून खुशीत असलेला माणूस हसतो तसा पोटभर हसला. "बरं! मग कसा लागला?" तो म्हणाला. "अगं, हवी असेल तर खुशाल घे. कचराच तो. मागायचीस ना."

ब्लिआला आधी कळलंच नाही. मग पायांतून वर चढत चढत कळलं. तो मागायला येणारच नव्हता. त्याला आठवण झालीच नव्हती. ज्याच्यासाठी तिचं पोर धुराड्यावर चढून राख चाळतंय, ते ह्याच्या लेखी स्वतःच्या पोरीचंसुद्धा काही नव्हतं. तिने चोरलेली वस्तू तो तिला बक्षीस देत होता. सुडाचा घाव घालायला हात उचलावा आणि समोरच्याने त्यावर टाळी द्यावी, असं झालं. तिला त्याच्या अंगावर बादली ओतावीशी वाटली.

"मागितला होता," ती म्हणाली. "माझ्या नवऱ्याने मागितला. डबा असा, दोन हातांत. तू हसला. तू म्हणाला, शिजवून खातात."

"मी? कधी?"

"थांब," आयरीन म्हणाली. ती हसत नव्हती. तिने मुलीला दोन्ही हातांनी जवळ ओढलं होतं. "तू खरंच खाल्लंस?"

ब्लिआने तिच्याकडे पाहिलं. खोटं अजून जिभेवर होतं. "नाही. फ्रीजमध्ये आहे."

"कशाला हवं होतं ते? सदरा म्हणजे काय?"

आणि ब्लिआने सांगितलं. मोडक्या इंग्रजीत, हातांनी, पोछ्याच्या दांड्याने फरशीवर रस्ता काढून. माणूस मरतो. मागे जातो. इथून इथे, इथून इथे. जिथे जन्मला तिथे सदरा. घालतो. मग आई, आजी, सगळे ओळखतात. नाही घातला तर नाही. माझा मुलगा, दीड वर्षाचा. त्याचा इथे जाळला. तो उघडा. तीन वर्षं थंडीत.

खोलीत फक्त बाळाच्या चोखण्याचा आवाज होता.

"माझी आधीची तीन," आयरीन हळू आवाजात म्हणाली. "पाचव्या महिन्यातली. त्यांचं काय केलं असेल? तेही...?"

ब्लिआला नाही म्हणता आलं असतं. वरच्या टोकाच्या इस्पितळात काय करतात ते तिला थोडंच माहीत होतं?

"तेही," ती म्हणाली. "सगळीकडे भट्टी."

तिला बरं वाटलं. खोटं कशाला सांगा, फार बरं वाटलं. त्या घरात शेवटी कोणाच्या तरी काळजाला चटका बसला. मग आयरीनच्या तोंडून एक आवाज निघाला, अगदी बारीक, आणि ब्लिआला तो ओळखीचा होता. फेंगला झाकलं तेव्हा तो तिच्याच घशातून आला होता. बरं वाटणं तिथेच संपलं.

"आयरीन, मनाला लावून घेऊ नकोस," प्रेस्कॉट म्हणाला. "मांसाचा तुकडा आहे तो. ह्या लोकांच्या समजुती..."

"तू हिला हसला होतास?"

"कोणाला?"

"हिला. हिच्या नवऱ्याला."

"ह्या बाईला मी आज पहिल्यांदा बघतोय," डॉक्टर म्हणाला, आणि तो खरं बोलत होता.

तीन वर्षं तो तिच्या ओल्या फरशीवरून गेला होता. परवाच त्याने तिच्या सांगण्यावरून पाय उचलले होते. आयरीनने मान वळवून नवऱ्याकडे पाहिलं. नुसती बघत राहिली. त्या बघण्याची ब्लिआला नीट माहिती होती. त्यासाठी किती सराव लागतो हेही माहीत होतं. ह्या बाईला ते एका क्षणात जमलं होतं, आणि तिच्याजवळ तर त्याच्याबरोबर काढायची सगळी वर्षं पडली होती. प्रेस्कॉटने कप खाली ठेवला.

"लिहून दे," आयरीन म्हणाली.

"काय?"

"जी आई मागेल तिला द्यायचं. लिही. आत्ता."

त्याने खिशातून चिठ्ठ्यांची वही काढली आणि लिहिलं. मुलीच्या गालावर बोट फिरवायला तो वाकला तेव्हा आयरीनने खांदा मध्ये घातला. मग ती ब्लिआला म्हणाली, "मुलीचा कुठे ठेवता तुम्ही?"

"आईच्या पलंगाखाली. मातीत."

"आमच्या घराखाली सगळं काँक्रीट आहे." तिने डोळे पुसले. "तुझ्याकडे ठेव. तुझ्या पलंगाखाली. जाळू नकोस फक्त."

"बघीन," ब्लिआ म्हणाली. वचन तिने दिलं नाही.

बाहेर लुपेने चिठ्ठी वाचून दाखवली. एक ओळ आणि खाली सही.

"एवढंच?"

"एवढंच. आणखी काय हवं होतं, वाजंत्री?" लुपे म्हणाली.

ब्लिआ बादली उपडी करून तिच्यावर बसली. नाक शिंकरायला लागतो तेवढाच वेळ डॉक्टरला ती ओळ लिहायला लागला होता. फेंग जन्मला तेव्हा एवढाच वेळ काढला असता तर फेंग आज इथे धावत असता, किंवा नसता धावत, पण गेला असता तो कपडे घालून गेला असता. थावांच्या सुनेची सोय झाली होती. ब्लिआला त्याचा आनंद व्हायला हवा होता. तिला तो कागद दातांनी फाडावासा वाटला. तिने त्याची घडी करून पोलक्यात ठेवली.

*

त्यांचं भाड्याचं घर लाकडी होतं, विटांच्या ठोकळ्यांवर उभं, आणि खाली माणूस रांगत जाईल एवढी जागा. दुपारी ब्लिआ मोहरीच्या वाफ्यातली कुदळ घेऊन आत शिरली. साय मागून बॅटरी घेऊन रांगत आला. तिने बोलावलं नव्हतं. झोपायच्या खोलीखाली, पलंगाच्या बरोबर खाली, तिने हातभर खड्डा केला. सायने डबा पुढे केला. दोन्ही हातांनी. त्याने झाकणावरून अंगठा फिरवला आणि मान वळवली.

ब्लिआने सदरा काढला आणि पालथा ठेवला. गुळगुळीत बाजू खाली. ओकू दे पोरीला दूध. रात्रंदिवस ओकू दे, बाप डॉक्टर आहे ना, शोधू दे त्याला कशाने ओकतेय ते. तिने माती लोटली आणि तळव्याने दाबली.

वरून फळ्यांच्या फटीतून सासूचा आवाज आला. "गुळगुळीत बाजू वर आहे ना गं?"

ब्लिआने माती आणखी दाबली.

"सूनबाई? मी काय विचारते?"

साय तिच्याकडे बघत होता. त्यानेही पाहिलं होतं. तो बोलला असता तर तिने तसाच राहू दिला असता. पण तो बोलला नाही, आणि तिला त्या खोलीतला चोखण्याचा आवाज आठवला. पालथा सदरा घालून ओकायला काही प्रेस्कॉट येणार नव्हता. रात्रभर ओली दुपटी बदलत बसणार होती ती न विंचरलेली बाई. ब्लिआने शिवी हासडली आणि माती परत उकरली. सदरा उलटा केला, गुळगुळीत बाजू वर. कडा सारख्या केल्या. फेंगच्या करायच्या राहिल्या होत्या तशा.

मग ती मातीजवळ तोंड नेऊन हळूच बोलली.

"ये तेव्हा ये, पोरी. घाई नाही. म्हातारी होऊन, नातवंडं बघून ये. माणसाला जीव एकाहून जास्त असतात, त्यातला एक मी इथे ठेवून जाईन. सदरा तुझा आहे, तुला देईन. पण आधी तुझ्या बापाचं नाव विचारीन. मग तुझ्या हातात हा डबा देईन, रिकामा, आणि तुला दाराबाहेर उभी करीन. माझा फेंग उभा आहे तेवढा वेळ."

"काय पुटपुटतेस खाली?" सासू वरून ओरडली.

"काही नाही, आई," ब्लिआ म्हणाली. "माती दाबतेय. तुम्ही फ्रीज उघडा आता, भाजी काढा."